पान त्यांनाच उलटू दिलंत, म्हणून

आदरणीय काका,

परवा तुमच्याकडची सिनेमाची जुनी पुस्तिका बघून निघताना मला तुम्हाला धड ‘येते’ही म्हणता आलं नाही. घसा दाटून आला होता. म्हणून हे पत्र.

बाबा आटपाडीचे. औंध संस्थानाने कैद्यांसाठी वसवलेली स्वतंत्रपूरची खुली वसाहत तिथून जवळच. त्या प्रयोगावरून गदिमांनी ‘दो आँखें बारह हाथ’ लिहिला आणि गदिमा आपल्याच तालुक्यातले, शेटफळ्याचे, हे बाबांनी आम्हाला शंभरदा सांगितलंय. त्या सिनेमाच्या गाण्यांच्या पुस्तिकेत त्यांचं नाव एकदा बघायचं, एवढीच बाबांची इच्छा होती.

जिथे जाऊ तिथे लोक गीतरामायण पुढे करत. ते आमच्याही घरात रोज लागतं. पण १९३८ च्या ‘ब्रह्मचारी’त छोटीशी भूमिका करणारा, ‘लोकशाहीर रामजोशी’, ‘लाखाची गोष्ट’ लिहिणारा सिनेमातला माणूस कुणाच्या लक्षातच नाही! एके ठिकाणी पुस्तिका होती. तिथल्या माणसाने बाबांचे हात बघितले आणि ती काचेआडूनच दाखवली. “फाटेल हो आजोबा.” बाबांना कंपवात आहे. त्यांनी मुकाट्याने हात खिशात घातले. ते हात माझ्या डोळ्यांपुढून जात नाहीत.

तुम्ही टेबलावर धुतलेला पंचा पसरलात, बाबांच्या मनगटांखाली उशी सरकवलीत आणि १९५७ ची ती पुस्तिका सरळ त्यांच्या हातात दिलीत. एक पान उलटायला त्यांना केवढा वेळ लागला! मी मदतीला पुढे झाले, तर तुम्ही नुसती मान हलवून मला थांबवलंत. तेवढंच. काका, दुसऱ्याचा मान असा न बोलता राखणारी माणसं आहेत, म्हणून तर म्हाताऱ्या माणसाला घेऊन बाहेर पडायचा धीर होतो.

नाव सापडल्यावर बाबांनी ते मोठ्याने वाचलं. मग म्हणाले, “गाणी भरत व्यासांची. इथे आपले गदिमा अण्णा कवी नाहीत, नुसते लेखक!” इतकं खणखणीत ते कित्येक महिन्यांत बोलले नव्हते.

गावाकडून बाजरी आलीय. रविवारी बाबांना घेऊन येते. ‘लाखाची गोष्ट’ची पुस्तिकाही काढून ठेवाल का?

तुमची,
आटपाडीकरांची लेक