किमान तापमान कुठले, आणि किती वाजेपर्यंतचे?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘पुण्याचा पारा ९ अंशांवर’ ही बातमी दर हिवाळ्यात आपल्याकडे येते. मी एकतीस वर्षे हवामान निरीक्षक होतो. सकाळी साडेआठला पेटी उघडायची आणि किमान तापमापीतली काडी कुठे थांबली ते टिपायचे, हे रोजचे काम. त्यामुळे असा मथळा दिसला की पहिला प्रश्न मनात येतो: कुठल्या पुण्याचा पारा? एकाच पहाटे शिवाजीनगर आणि मगरपट्टा यांत चार-पाच अंशांचा फरक पडतो.

मुलीकडे शिकागोला गेलो तेव्हा या प्रश्नावर पैसे लागलेले पाहिले. तिथे ‘कल्शी’ नावाच्या बाजारात शहराच्या किमान तापमानावर सौदे होतात. किमान तापमान ठरावीक दोन अंशांच्या पट्ट्यात राहील, असा करार ३० सेंटला मिळत असेल, तर बाजाराच्या मते तसे घडण्याची शक्यता साधारण ३० टक्के. खरे ठरले तर एक डॉलर मिळतो. निकाल मिडवे विमानतळाच्या नोंदीवर लागतो. शहराच्या दुसऱ्या विमानतळावर, ओहेअरला, कितीही गारठा पडो, त्याचा उपयोग नाही.

जावयाने एका फेब्रुवारीत सकाळी पाहिले, पहाटेचे किमान ३४ फॅरनहाइट. रात्र तर सरली, आता काय उतरणार, म्हणून पैसे लावले. मलाही ते पटले होते. आपल्याकडे किमान म्हणजे सकाळी साडेआठपर्यंतच्या चोवीस तासांचे, आणि ते बहुधा पहाटेच गाठले जाते. तिथला दिवस मात्र प्रमाणवेळेच्या मध्यरात्री संपतो. दुपारी वारा उत्तरेचा झाला आणि रात्री बाराच्या आत पारा २३ वर आला. अहवालात तोच आकडा लागला.

त्यानंतर मुक्काम संपेपर्यंत मी रोज वहीत अंदाज लिहिला, पैसे न लावता. संध्याकाळी दवबिंदू बघायचा, कारण हवा तिथवर निवली की दव पडू लागते आणि पारा उतरण्याचा वेग मंदावतो. मग ढग आणि वारा. निरभ्र, निवांत रात्री जमीन झपाट्याने निवते. ढग आले की अंदाज चारपाच अंशांनी चुकतो. शेवटी एकच आकडा न लिहिता ‘२० च्या खाली जाण्याची शक्यता ३० टक्के’ असे लिहायचे. असे शंभर अंदाज केले तर त्यांतले तीसच्या आसपास खरे ठरायला हवेत. नाही ठरले, तर माझी ३० टक्क्यांची समजूतच चुकीची. अमेरिकन हवामान खात्यातल्या ग्लेन ब्रायर यांनी अशा अंदाजांना गुण देण्याची रीत १९५० मध्येच मांडली.

आपल्याकडे असे सौदे नकोत. २०२५ च्या कायद्याने पैशांच्या ऑनलाइन खेळांना बंदी आहे, ते योग्यच. पण ही शिस्त आपल्याला हवी. निफाडच्या द्राक्षबागायतदाराला पहाटे बागेत शेकोट्या पेटवायच्या की नाही हे आदल्या संध्याकाळी ठरवावे लागते. ‘थंडी वाढणार’ एवढ्यावर तो लाकूडफाटा किती जमवणार? ‘४ अंशांच्या खाली जाण्याची शक्यता ४० टक्के’ यावर त्याला हिशेब मांडता येतो.

म्हणून विनंती: तापमानाच्या चौकटीत केंद्राचे नाव व नोंदीची वेळ छापा, आणि वेधशाळेकडून शक्यतेचा आकडा मागून घ्या. या हिवाळ्यात मी शिवाजीनगरसाठी तसे अंदाज रोज लिहिणार आहे. मार्चमध्ये वही आपल्या कार्यालयात आणून देईन, तपासून पाहावी.

आपला,
एक निवृत्त हवामान निरीक्षक, पुणे