फेदर्सच्या तुळया आणि आपला गिलावा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला इंग्लंडमधल्या लडलो गावच्या 'द फेदर्स' या जुन्या लाकडी सांगाड्याच्या इमारतीवरचा लेख वाचला. फोटो झकास, त्याबद्दल आभार. पण 'या तुळया मोडीत काढलेल्या युद्धनौकांच्या आहेत' हे छापण्याआधी नकाशा तरी उघडायचा होतात. लडलो श्रॉपशर परगण्यात, समुद्रापासून दूर, वेल्सच्या सीमेलगत आहे. ओकची झाडं आसपास उभी असताना बंदरावरून तुळया ओढत कोण आणेल?

ही थाप तिकडे पबापबांत ऐकवतात. तिचं मूळ तुळयांवरच्या रिकाम्या खाचांत आहे. त्या खाचा बहुधा काढून टाकलेल्या आडभिंतीच्या, नाहीतर लाकूड आधी दुसऱ्या घरात वापरलेलं असतं. मुरलेल्या ओकवर छिन्नी धड चालत नाही, म्हणून सुतार तो ओलाच कापत. सांगाडा आधी जमिनीवर आडवा जुळवायचा, सांध्यांवर रोमन आकड्यांच्या खुणा कोरायच्या, मग सुटा करून जागेवर उभा करायचा. एका लाकडाची जीभ दुसऱ्याच्या खाचेत बसवायची; जिभेतलं भोक खाचेतल्या भोकाच्या दोन-तीन मिलिमीटर अलीकडे, खांद्याच्या, म्हणजे जीभ सुरू होते त्या बाजूला पाडत. सुकी खुंटी ठोकली की सांधा आपोआप आवळला जाई. पुढे ओक सुकताना आकसतो, पिळतो. 'चारशे वर्षांच्या ओझ्याने वाकलेलं' म्हणून लेखकाला गहिवरून आलंय, पण असल्या घरांचा बराचसा वाकडेपणा पहिल्या काही वर्षांतलाच असतो.

'1619 पासून बीअरचा अखंड झरा' हेही चूक. 1619 मध्ये ते रीस जोन्स नावाच्या वकिलाचं घर होतं, त्याची सराई झाली 1670च्या सुमारास. सराई म्हणजे मुक्काम आणि घोड्यांचा तबेला, नुसता गुत्ता नव्हे. आणि लाकूड काळंकुळकुळीत रंगवायची टूम बहुतेक ठिकाणी व्हिक्टोरियन काळातली, म्हणजे एकोणिसाव्या शतकातली.

हे सगळं सोडून दिलं असतं. पण त्याच पानावर खाली, 'घर आपलं' सदरात, जुन्या वाड्याच्या मातीच्या भिंतीला सिमेंटचा गिलावा करायचा सल्ला! फेदर्ससारख्या घरांची नासाडी नेमकी अशीच झाली आहे. तिथल्या लाकडी चौकटीतली भिंत म्हणजे आपला कूडच: ओकच्या उभ्या पट्ट्या, त्यांत विणलेल्या हेझल नावाच्या झुडपाच्या काटक्या, वर चिकणमाती, पेंढा नि शेण, शेवटी चुना. विसाव्या शतकात त्यावर सिमेंट थापलं गेलं. लाकूड हवेप्रमाणे फुगतं-आकसतं, सिमेंट हलत नाही. मग दोघांच्या मधे केसाएवढी फट पडते. पाणी त्यातून आत शिरतं, पण सिमेंटमधून सुकून बाहेर पडत नाही. आत खुंट्या कुजतात, तळाची आडवी तुळई कुजते, आणि वरून गिलावा छान गुळगुळीत! चुना दमट हवा आत-बाहेर जाऊ देतो. म्हणून सिमेंट हलक्या हाताने खरवडून, भिंत ओली करून, एक भाग भिजवलेला चुना नि तीन भाग वाळूचा गिलावा पातळ थरांत चढवायचा, पहिल्या थरात जनावरांचे केस मिसळायचे. आधीचा थर घट्ट झाल्याशिवाय पुढचा नाही, आणि कडक उन्हात ओलं गोणपाट लावायचं. आपल्या मातीच्या भिंतीचंही दुखणं हेच आहे.

दोन्हींपैकी एकाच दुरुस्तीला जागा असेल, तर गिलाव्याची छापा. पावसाला महिनाच उरलाय.

आपला,
एक वाचक, सदाशिव पेठ, पुणे