मुक्तास पत्र

प्रिय मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

पडद्यावर तू आणि आवाज दुसरीचा, हे तुला थेट सिनेमा बघतानाच कळलं. आधी सांगायला हवं होतं, यात वादच नाही. पण फोनवर तू म्हणालीस, "मग त्यात माझं काय उरलं?" ते काही डोक्यातून जाईना. म्हणून आज यूरी यार्वेतबद्दल लिहितोय.

हा एस्टोनियाचा नट, जन्म १९१९चा, ताल्लिनचा. तिथल्याच रंगभूमीवर आपल्या भाषेत नाटकं करत वाढलेला. दिग्दर्शक ग्रिगोरी कोझिन्त्सेव शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'वर रशियनमध्ये सिनेमा करत होते, तेव्हा त्याला आधी एका लहान भूमिकेसाठी बोलावलं होतं. मिळाला थेट लिअर! अंगाने किरकोळ, पन्नाशीचा माणूस. त्याच्या रशियनला एस्टोनियन वळण होतं, त्यामुळे १९७१मध्ये सिनेमा आला तो झिनोवी गेर्द्त यांच्या आवाजात. पुढच्याच वर्षी दिग्दर्शक तारकोव्हस्कींच्या 'सोलारिस' या सिनेमात तो डॉ. स्नाउट झाला. तिथेही आवाज दुसऱ्याचाच.

त्याचा लिअर पहिल्यांदा येतो तो प्रसंग नीट बघ. सगळा दरबार ताटकळत उभा आहे. दाराआडून घुंगरं वाजतात, कुणीतरी हसतं. मग राजा येतो तो हातात मुखवटा घेऊन, विदूषकाशी खेळत, आणि शेकोटीपाशी जाऊन बसतो. सिंहासन नाही, गर्जना नाही. पांढऱ्या केसांचा एक लहानखुरा म्हातारा, आणि त्याचे ते डोळे. राज्य वाटायला बसलेल्या माणसाचा लहरीपणा तो एकही वाक्य बोलायच्या आत दाखवतो. यात गेर्द्त यांचं काय आहे, सांग बरं?

आपल्याकडे डिसेंबर १९७०मध्ये डॉ. लागूंनी 'नटसम्राट' उभं केलं. त्याचीही प्रेरणा लिअरच. अप्पा बेलवलकर आपल्या कानात राहतात, यार्वेतचा लिअर मात्र डोळ्यांपुढून हलत नाही. मला दोन्ही तितकेच मोठे वाटतात.

यार्वेतने ताल्लिनची रंगभूमी सोडली नाही. तिथे त्याचा आवाज त्याचाच होता. म्हणून सांगतो, तुमच्या ग्रुपच्या तालमी बंद करू नकोस. आणि पुढच्या कामाला सही करण्याआधी डबिंग कोण करणार, ते करारात लिहून घे.

रविवारी फोन कर. आईला तुझा सिनेमा पुन्हा बघायचाय.

तुझा,
बाबा