टेडी पेंडरग्रास १९८२ मध्ये थांबला नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत अमेरिकी सोल (कृष्णवर्णीयांच्या चर्चमधल्या गाण्यातून आलेला संगीतप्रकार) गायक टेडी पेंडरग्रास याच्यावरचा लेख वाचला. या गायकाबद्दल मराठीत कुणीतरी लिहिलं याचा मनापासून आनंद झाला. पण फिलाडेल्फियातले दिवस, फक्त स्त्रियांसाठी होणारे कार्यक्रम, रोल्स रॉईस यांतच लेखाचा बहुतेक भाग संपला. १९८२ च्या मोटार अपघातानंतरच्या आयुष्याला मिळालं एकच वाक्य: ‘दुर्दैवाने कारकीर्द अकाली संपली.’ हे खरं नाही. आणि माझे रुग्णही आपला पेपर वाचतात, म्हणून हे पत्र.

मी फिजिओथेरपिस्ट आहे. ऐरोलीत राहते आणि कळवा, ठाणे, घणसोली या भागात मणक्याला इजा झालेल्या रुग्णांच्या घरी जाऊन उपचार करते. टेडीची गाणी मी कॉलेजात असल्यापासून ऐकते आहे.

त्याचा जन्म १९५० चा. आई आयडा हिने एकटीने वाढवलं. अगदी लहानपणी तो चर्चमध्ये गायला उभा राहिला. आई ज्या सपर क्लबमध्ये (जेवणासोबत गाणं-बजावणं चालणाऱ्या हॉटेलात) कामाला होती, तिथे रिकाम्या वेळी बसून ड्रम शिकला. हॅरॉल्ड मेल्विन अँड द ब्लू नोट्स या संचात तो ड्रमवादक म्हणूनच आला होता, १९७० मध्ये ड्रममागून पुढे माइकवर आला. केनी गॅम्बल आणि लिऑन हफ या गीतकार-निर्मात्यांच्या जोडीच्या गाण्यांनी १९७२ पासून त्या संचाचं नशीब पालटलं. आवाज टेडीचा, नाव मेल्विनचं. रेडिओवर ऐकणाऱ्या कितीतरी लोकांना गाणारा माणूस म्हणजेच मेल्विन वाटायचा. अखेर टेडी संचातून बाहेर पडला आणि १९७७ ते १९८० मध्ये त्याचे स्वतःचे ओळीने चार अल्बम प्लॅटिनम ठरले. ढाला, किंचित खरखरीत आवाज. सुरुवात शेजारी बसून बोलल्यासारखी खालच्या सुरात, आणि मग चढत चढत चर्चमधल्या प्रवचनकारासारखी थेट आरोळी. प्रणयगीतात अशी आरोळी देणं त्यालाच शोभायचं.

१८ मार्च १९८२ च्या रात्री फिलाडेल्फियात लिंकन ड्राइव्हवर त्याची गाडी झाडावर आदळली. बत्तिसावा वाढदिवस आठ दिवसांवर होता. मानेतल्या मज्जारज्जूला इजा झाली, पाय लुळे पडले, हातांची हालचाल जेमतेम उरली.

आता याचं गाण्याशी काय नातं, हे माझ्या धंद्यामुळे मला ठाऊक आहे. श्वासपटलाची, म्हणजे छाती आणि पोट यांच्या मधल्या स्नायूच्या पडद्याची, नस मानेच्या वरच्या भागातून निघते, त्यामुळे अशा बहुतेक रुग्णांचा श्वासपटल शाबूत राहतो आणि श्वास आत घेता येतो. पण बरगड्यांमधले आणि पोटाचे स्नायू साथ सोडतात. गाणं तर बाहेर सोडलेल्या श्वासावर चालतं. सूर लांबवायचा, ओळीच्या शेवटी आवाज उंच न्यायचा, तर पोटाने हवा दाबून धरावी लागते. ती ताकदच जाते. धड खोकता येत नाही, कफ काढायला दुसऱ्याला पोट दाबावं लागतं. बसल्यावर पोट पुढे लोंबतं आणि श्वासपटलाला वर सरकायला आधार मिळत नाही, म्हणून कमरेपासून वर रुंद पट्टा आवळून बांधतात. त्यातच इजेच्या खाली घाम येत नाही. रंगमंचावरच्या दिव्यांखाली अंग तापतं आणि थंड व्हायचं नाव घेत नाही. टेडीसारख्या आरोळी देणाऱ्या गायकासाठी हे सगळं म्हणजे वाद्यच हिरावून घेतल्यासारखं होतं.

सुरुवातीला त्याला जगणंच नकोसं झालं होतं. स्वतः मानेखालून लुळे असलेले मानसशास्त्रज्ञ डॅन गॉटलीब यांनी त्याला त्यातून बाहेर काढलं. त्यांनी टेडीच्या अंत्यविधीचा देखावा मांडला, घरच्यांना बोलायला लावलं आणि ते त्याला ऐकवलं. अशा उपचाराला छाती लागते. माझ्या रुग्णांच्या बाबतीत मी तो कुणाला सुचवणार नाही, पण टेडीला तो लागू पडला.

१९८४ मध्ये त्याचा नवा अल्बम आला. त्यात त्याच्यासोबत एका द्वंद्वगीतात एक नवखी मुलगी गायली होती. तिचा स्वतःचा पहिला अल्बम अजून यायचा होता. तिचं नाव व्हिटनी ह्यूस्टन. या अल्बमात ती जुनी आरोळी नाही. आवाज पातळ झालाय, ओळी लहान लहान तुकड्यांत घेतल्यात, आणि प्रत्येक तुकड्याआधीचा श्वास ऐकू येतो. मला हा टेडी पहिल्यापेक्षा जास्त आवडतो, आणि तो दयेपोटी नाही. दमसास कमी पडतो तेव्हा शब्द कुठे तोडायचा याचा विचार करावाच लागतो, आणि त्याने तो किती बारकाईने केलाय हे कान देऊन ऐकणाऱ्याला कळतं.

१३ जुलै १९८५ ला, दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठी झालेल्या लाइव्ह एडच्या कार्यक्रमात, स्वतःच्याच गावातल्या जेएफके स्टेडियममध्ये तो व्हीलचेअरवरून अ‍ॅशफर्ड आणि सिम्पसन या गायक जोडीबरोबर गायला. समोर प्रचंड गर्दी, शिवाय जगभर टीव्हीवर पाहणारे लोक. पुढे १९८८ आणि १९९१ मध्ये त्याची गाणी अमेरिकेच्या आर अँड बी (रिदम अँड ब्लूज) गाण्यांच्या लोकप्रियतेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेली. १९९६ मध्ये तो एका संगीत नाटकातून फिरला. १९९८ मध्ये मणक्याला इजा झालेल्या लोकांसाठी स्वतःच्या नावाची संस्था काढली. २००६ मध्ये निवृत्ती घेतली आणि १३ जानेवारी २०१० ला, एकोणसाठाव्या वर्षी, तो गेला. हिशेब मांडला तर अपघाताआधीची एकट्याची कारकीर्द पाच वर्षांची आणि नंतरची वीसहून जास्त. मग ‘अकाली संपली’ कसं म्हणायचं?

माझा एक रुग्ण ऑर्केस्ट्रात गायचा. गणपती आणि नवरात्रात त्याला एक रात्र मोकळी मिळत नसे. घोडबंदर रोडवर बाइकवरून पडून मानेला इजा झाली. आम्ही श्वासाचे व्यायाम गाण्यातूनच घेतो. पोटपट्टा आवळायचा, एकेक ओळ म्हणायची, मधला श्वास कुठे घ्यायचा ते ठरवायचं. तो पूर्वी काळी दोनमध्ये गायचा, आता दोन सूर खाली घेतो. अरुण दातेंची भावगीतं त्याला उत्तम जमतात, कारण त्यांत ओरडायचं नसतं, सांगायचं असतं.

मध्यंतरी आमच्या भागातल्या एका सभागृहात कराओके क्लबच्या कार्यक्रमात त्याचं नाव होतं. प्रेक्षागृहात जायला उतार आहे, व्हीलचेअरसाठी जागाही राखलेली आहे. रंगमंचावर जायला मात्र विंगेतल्या अरुंद सात पायऱ्या. चौघांनी खुर्ची उचलतो म्हटलं, पण खुर्ची वळेना. तो पहिल्या रांगेपुढच्या मोकळ्या जागेत, प्रेक्षकांकडे तोंड करून गायला. दिव्यांचा झोत तिथे पोहोचत नव्हता. टाळ्या भरपूर मिळाल्या, पण मागच्या रांगांना कोण गातंय ते दिसलंच नाही.

ज्याने इमारत आखली त्याने अपंग माणूस प्रेक्षक असेल एवढंच धरलं, कलाकार असेल हे त्याच्या डोक्यात आलंच नाही. आणि लेखातल्या त्या एका वाक्यातही हेच झालंय, असं मला वाटतं. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ याच्या कलम २९ मध्ये दिव्यांग कलाकार आणि लेखकांना सोयी, साहाय्य आणि प्रायोजकत्व द्यावं असं म्हटलंय. कायद्याला जे सुचलं ते आराखड्यात यायला हवं. एकास बारा (एक फूट उंचीला बारा फूट लांबी) या उताराने साडेतीन फूट उंच रंगमंचाला बेचाळीस फुटांचा उतार लागतो. तेवढी जागा विंगेत नसेल तर खुर्चीसकट वर नेणारी छोटी लिफ्ट बसवता येते. मेकअप रूमचा दरवाजा आणि तिथलं स्वच्छतागृह याचाही विचार त्याच वेळी व्हावा.

आपल्याकडे दोन विनंत्या. ठाणे आणि नवी मुंबईतल्या नाट्यगृहांच्या डागडुजीच्या बातम्या आपण छापता. त्या प्रत्येक वेळी रंगमंचावर व्हीलचेअर जाते का, हा प्रश्न आपल्या वार्ताहराने विचारावा. आणि टेडीवरच्या लेखाचा उत्तरार्ध छापावा, १९८४ पासून २००६ पर्यंतचा. लेखकाला वेळ नसेल तर मी लिहून द्यायला तयार आहे.

आपली,
एक फिजिओथेरपिस्ट,
ऐरोली, नवी मुंबई