दशांशांच्या गुणाकारात हरवलेलं शून्य

चि. सईस,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेल्या फोटोत (−२.४) × ०.३५ चं उत्तर −०.०८४ आलंय. चिन्ह बरोबर, पाढेही बरोबर. घोळ शून्याचा आहे. २४ × ३५ = ८४०. गुण्यात एक दशांश स्थळ, गुणकात दोन, म्हणून उजवीकडून तीन घरं मोजायची, ती ८४० वर: ०.८४०. शेवटचं शून्य त्यानंतर सोडायचं. तू ते आधीच खोडलंस आणि ८४ वर तीन घरं मोजलीस. एका संख्येच्या शेवटी ५ आणि दुसरीच्या शेवटी सम अंक असला की हे शून्य येणारच, तिथे जपून.

तीनच घरं का? २.४ म्हणजे २४ भागिले १०, ०.३५ म्हणजे ३५ भागिले १००. छेदांचा गुणाकार १०००. म्हणून बेरजेसारखी पॉइंटखाली पॉइंट अशी मांडणी इथे नको. तशी केली की उत्तरातही पॉइंट सरळ खाली उतरवला जातो. अंक कमी पडले तर डावीकडे शून्यं भर: ०.०२ × ०.३ = ०.००६. अंदाजही घेत जा. ०.३५ म्हणजे तिसऱ्या हिश्शाहून जरासं जास्त, २.४ चा तिसरा हिस्सा ०.८. मग ०.०८४ कसं येईल?

चिन्ह मात्र आकडेमोडीच्या आधीच ठरवून लिही. ऋण चिन्हं विषम तर उत्तर ऋण, सम तर धन. ब्रह्मगुप्तानं इ. स. ६२८ मध्ये ऋण गुणिले ऋण धन असं लिहून ठेवलंय, पण कारण तूही काढू शकतेस. (−१.५) × [२ + (−२)] म्हणजे शून्य. कंस सोडवला की पहिला भाग −३, बेरीज शून्य यायची तर (−१.५) × (−२) हे +३ च हवं. नुसतं ‘मायनस मायनस प्लस’ घोकणारे −१.५ − २ चं उत्तरही ३.५ लिहितात. ती बेरीज आहे, उत्तर −३.५.

कंस गाळू नकोस: (−०.२)² = ०.०४, पण −०.२² = −०.०४.

आता (−१.२५) × (−०.८) कर. उत्तर पूर्णांक आलं नाही तर शून्यं कुठे गळली ते शोध. मग (−०.५) × ०.४ × (−०.०३). इथे घरं चार आहेत.

तुझे,
बाबा