मंदारच्या शाखेबद्दल

बर्कली, कॅलिफोर्निया

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

मंदार बाणेरच्या मॉलमध्ये तुमच्या पुस्तकांच्या दुकानाची शाखा काढायचं म्हणतोय, असं आईकडून कळलं. भाड्याचा आकडाही तिनंच सांगितला. फोनवर तो मला बोलू देणार नाही, म्हणून लिहितोय.

इथे कोडीज नावाचं पुस्तकांचं दुकान होतं. फ्रेड आणि पॅट कोडी या जोडप्यानं १९५६ मध्ये काढलेलं. पुढे ते टेलिग्राफ ॲव्हेन्यूवर आलं, विद्यापीठाच्या अगदी जवळ. १९७७ मध्ये अँडी रॉस यांनी ते विकत घेतलं. १९८९ मध्ये रश्दींच्या कादंबरीवरून दुकानावर बॉम्ब टाकला गेला, तरी ती विकायचीच असं ठरलं. तेही नोकरांच्या मतदानानं! आपल्या अप्पा बळवंत चौकात असं कुणी नोकरांना विचारेल का?

नव्वदच्या दशकात फोर्थ स्ट्रीटवर दुसरं दुकान निघालं. इथवर ठीक. पण टेलिग्राफची विक्री वर्षानुवर्षं घटत असताना २००५ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत, युनियन स्क्वेअरजवळ तिसरं थाटलं. ऐन लक्ष्मी रोडवर गाळा घ्यावा तसं. त्यात पैसा बुडत गेला. जुलै २००६ मध्ये टेलिग्राफचं दुकान बंद झालं, त्याच वर्षी धंदा एका जपानी कंपनीकडे गेला, २००७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोचं मिटलं आणि जून २००८ मध्ये बर्कलीत उरलेलंही.

लोक ॲमेझॉनला बोल लावतात. ते खोटं नाही; नव्या पुस्तकावर किंमत छापलेली असते, मग जो जास्त सूट देईल त्याच्याकडे गिऱ्हाईक जातं. पण त्याच रस्त्यावर मोज बुक्स अजून चालू आहे. तिथे जुनी पुस्तकं भरपूर, आणि त्यांची किंमत दुकानदार ठरवतो. माझ्या मते कोडीजला घाई नडली.

मंदार मॅनीजचं उदाहरण देईल: कॅम्पातलं एवढं नावाजलेलं दुकान, तेही २०१२ मध्ये बंद झालंच. बरोबर आहे. जागेवर बसून राहिलं की तगतं, असं मीही म्हणत नाही. पण तुमचा गाळा स्वतःचा आहे आणि जूनमधल्या पाठ्यपुस्तकांवर वर्षाचा बराच खर्च निघतो. मॉलमध्ये ती झुंबड येणार नाही, भाडं मात्र दर महिन्याला द्यावं लागेल.

करारात लॉक-इन, म्हणजे गाळा मध्येच सोडता न येण्याची मुदत, किती वर्षांचं आहे, तेवढं बघा. सहीआधी कागद मला व्हॉट्सॲपवर पाठवा. काकूला नमस्कार.

आपला,
निखिल