सत्तर अक्षरांत मावेल तेवढे लैंगिक शिक्षण

संपादक महोदय,

लैंगिक शिक्षणात संगणकाने खरी भर घातली ती चित्रांची नव्हे, निनावीपणाची. कोलंबिया विद्यापीठाने १९९३ मध्ये 'गो आस्क अ‍ॅलिस' ही सेवा सुरू केली आणि वर्गात हात वर करून जे विचारवत नाही, ते नाव न सांगता विचारता येऊ लागले. पुढे एसएमएस आला. रोमन लिपीत १६० अक्षरे मावत, देवनागरीत जेमतेम ७०, तीही काना-मात्रा-वेलांटी सुटी मोजून! 'असुरक्षित संबंधानंतर गर्भनिरोधक गोळी ७२ तासांच्या आत घ्या' एवढे बसे. 'जितकी लवकर, तितकी परिणामकारक' हे पुढच्या तुकड्यात जाई. तो तुकडा वाटेत अडकला की सल्ला अर्धवटच. शब्द पाहून अडवणारी फिल्टर तर 'ब्रेस्ट' दिसताच स्तनाच्या कर्करोगाची माहितीही रोखत. शिवाय फोन घरात सामाईक असला, तर उत्तर भलत्याच्याच हाती पडे.

– एक आरोग्यशिक्षक